आपली आडनावे : समाजाचा न लिहिलेला इतिहास

आपल्या संस्थेच्या सभासदांची यादी कोणीही सहज चाळावी. बोथरा, मुनोत, भंडारी, दोशी, शहा, कासलीवाल, पाटणी, जिंतूरकर, चौगुले, उपाध्ये अशी आडनावे तेथे एकाखाली एक आढळतात. पर्युषणात आपण सारे एकाच मांडवात बसतो. तथापि या नावांमागील गावे, भाषा व व्यवसाय भिन्न भिन्न आहेत. मी व्यवसायाने कापड व्यापारी व शिक्षणाने वाणिज्य पदवीधर; इतिहासाचा अधिकारी अभ्यासक नव्हे. परंतु आपल्या पूर्वजांनी स्वतःचा इतिहास क्वचितच लिहून ठेवला. दुकानाच्या वह्या त्यांनी काटेकोर लिहिल्या, घराची वही मात्र कोरीच राहिली. अशा स्थितीत आडनाव हाच आपला जुना दस्तऐवज ठरतो. तो वाचण्याचा हा अल्पसा प्रयत्न आहे.

प्रतिमांवरील लेख काय सांगतात?

जुन्या मंदिरांतील धातुप्रतिमांच्या मागील बाजूस लहान अक्षरांत लेख कोरलेले असतात. त्यांत संवत, तिथी, श्रावकाची ज्ञाती, त्याचे नाव, पत्नीचे व पुत्राचे नाव आणि प्रतिष्ठा करणाऱ्या आचार्यांचे नाव असते. ज्ञाती सांगताना उपकेश, श्रीमाल, प्राग्वाट असे शब्द येतात. तेच आजचे ओसवाल, श्रीमाळी व पोरवाड होत. नावाआधी एखादे संक्षिप्त अक्षर असते. ‘श्रे’ म्हणजे श्रेष्ठी, ‘सं’ म्हणजे संघपती, ‘मं’ म्हणजे मंत्री आणि ‘सा’ म्हणजे साह. आजच्या पद्धतीचे आडनाव मात्र बहुधा नसते. पुढे ही मानाची अक्षरेच अनेक घराण्यांची आडनावे झाली. श्रेष्ठीचे शेठ झाले. यात्रेचा संघ स्वखर्चाने नेणारा संघपती, त्याचे वंशज संघवी वा सिंघवी झाले.

‘शहा’ हे आडनाव फारसी बादशहावरून आले, असा समज आढळतो. तो बरोबर नाही. संस्कृत ‘साधु’ शब्दाचे प्राकृतात ‘साहु’ झाले व त्यापासून साह, शाह, शहा ही रूपे आली. साधु म्हणजे सज्जन, विश्वासू गृहस्थ. आपण नित्य वापरतो तो ‘सावकार’ शब्दही याच कुळातील आहे. पेढीवरचा विश्वास हाच ज्याचा मान, त्याला लोकांनी दिलेली ही पदवी होती.

व्यवसाय आणि अधिकार

कोठाराची व्यवस्था पाहणारे कोठारी, भांडाराची जबाबदारी सांभाळणारे भंडारी, रत्नांचा व्यापार करणारे झवेरी, नाणी व रत्ने पारखणारे पारख, सुगंधी द्रव्ये व किराणा विकणारे गांधी. मेहता व मुथा ही नावे कारभार, हिशेब व दप्तर पाहणाऱ्यांना मिळाली. माझ्या व्यवसायबंधूंना विशेष आवडावे असे नाव म्हणजे दोशी. त्याचा ‘दोष’ या शब्दाशी काही संबंध नाही. संस्कृतात ‘दूष्य’ म्हणजे वस्त्र व ते विकणारा तो दौष्यिक. त्यावरून दोसी व पुढे दोशी असे रूप झाले. अहमदाबादेत आजही दोशीवाडानी पोळ आहे.

सोलापूर, फलटण भागात गुजरातमधून आलेल्या हुमड समाजात दोशी, शहा, गांधी, मेहता ही नावे विपुल आहेत. उद्योगमहर्षी वालचंद हिराचंद (१८८२-१९५३) हे सोलापूरच्या दोशी घराण्यातील. परंतु जगाने त्यांना ओळखले ते स्वतःच्या व वडिलांच्या नावाने. आडनावाविना दोन नावांनी पेढी चालविण्याची ती जुनी रीत होती.

गाव आणि पूर्वज

दुसरा मोठा गट गावांच्या नावांचा. राजस्थानातील खंडेला येथून खंडेलवाल, बघेरा येथून बघेरवाल व जोधपूरजवळच्या ओसिया येथून ओसवाल. पोकरणचे ते पोकरणा, अजमेरचे ते अजमेरा, कासलीचे ते कासलीवाल. आचार्य रत्नप्रभसूरींनी वीरनिर्वाणानंतर ७० व्या वर्षी ओसिया येथे ओसवाल समाजाची स्थापना केली, अशी परंपरा आहे. ती आपण श्रद्धेने ऐकतो. इतिहासाचा पुरावा इतका मागे जात नाही. ओसियाच्या महावीर मंदिरातील विक्रम संवत १०१३ (इ. स. ९५६) च्या लेखावरून ते मंदिर प्रतिहार राजा वत्सराज याच्या काळी, म्हणजे आठव्या शतकात, अस्तित्वात होते असे दिसते. परंपरेला परंपरा व पुराव्याला पुरावा म्हणावे, त्यात परंपरेचा अवमान नाही.

तिसरा गट पूर्वजांच्या वा मूळ कुळाच्या नावांचा. मारवाडीत नावाच्या शेवटी ‘ओत’ वा ‘आणी’ आले की ते बहुधा ‘अमुकाचे वंशज’ असे सुचविते. मोहनजींचे वंशज ते मोहनोत, मुहणोत व महाराष्ट्रात मुनोत. जोधपूरच्या महाराजा जसवंतसिंहांचे दिवाण व मारवाडचे इतिहासकार मुहणोत नैणसी (१६१०-१६७०) हे याच कुळातील. सोनिग्रा हे नाव जालोरच्या सोनगरा चौहानांची आठवण देते, तर सांखला हे राजपूत कुळाचेच नाव आहे. या घराण्यांच्या कथांत क्षत्रिय पूर्वज आचार्यांच्या उपदेशाने शस्त्र ठेवतो व अहिंसेचा मार्ग धरतो.

महाराष्ट्राच्या मातीतील नावे

केवळ बाहेरून आलेल्यांचाच हा समाज नव्हे. कोल्हापूर, सांगली व बेळगाव भागातील जैन बांधव पिढ्यान्‌पिढ्या शेती करीत आले. पाटील, चौगुले, देसाई, खोत ही त्यांची आडनावे गावगाड्यातील अधिकाराची आहेत. मंदिरातील पूजाविधी करणारे ते उपाध्ये. प्राकृतचे जगन्मान्य पंडित डॉ. आदिनाथ नेमिनाथ उपाध्ये (१९०६-१९७५) यांचे नाव तर पाहा : स्वतः आदिनाथ, वडील नेमिनाथ. एका नावात दोन तीर्थंकर आणि आडनावात मंदिराची सेवा.

त्याच भागात आदगोंडा, जिनगोंडा, पायगोंडा अशी नावे आहेत. ‘गोंडा’ म्हणजे कानडी ‘गौडा’, गावप्रमुख. आचार्य शांतिसागर महाराज (१८७२-१९५५) यांचे गृहस्थाश्रमीचे नाव सातगोंडा व पित्याचे भीमगोंडा पाटील. विदर्भ-मराठवाड्यात बघेरवाल बांधवांनी राजस्थानी ज्ञातीचे नाव राखून जिंतूरकर, डोणगावकर, जोहरापूरकर अशी अस्सल मराठी आडनावे घेतली. नव्या भूमीशी नाते जोडण्याचा याहून सुंदर दाखला कोणता?

पाळण्यातील नाव

आपल्या आजोबा-पणजोबांच्या नावांत रत्नांची पेटीच उघडलेली दिसते : हिराचंद, माणकचंद, मोतीलाल, पन्नालाल, पुखराज. परंतु त्याच पिढीत कचरदास, भिकचंदही होते. आधीची मुले दगावली की पुढच्या बाळाचे नाव मुद्दाम हलके ठेवीत, जेणेकरून काळाची दृष्ट त्याच्यावर पडू नये. त्या नावात अनादर नव्हता, मातेचे भय होते. धापूबाई हे नाव मात्र निराळे. मारवाडीत ‘धापणे’ म्हणजे पोट भरणे, तृप्त होणे. एकामागून एक मुली झाल्या की शेवटच्या मुलीला ‘आता पुरे’ या अर्थाने धापू म्हणत. मराठीतील ‘नकोशी’ची ती बहीणच. अहिंसा परमो धर्मः म्हणणाऱ्या समाजाने हे नाव विसरू नये, कारण त्यात आपला दोष नोंदलेला आहे.

आणि ज्यांनी सर्वस्व सोडले, त्यांनी नावही सोडले. चिचोंडीच्या गुगळे परिवारातील नेमीचंद १९१३ मध्ये दीक्षित झाले व पुढे राष्ट्रसंत आचार्य आनंदऋषीजी म्हणून वंदनीय ठरले. आडनावाचा अभिमान किती धरावा, हे येथे कळते.

वहीत नसलेले नाव

आबूच्या तेजपालाने इ. स. १२३० च्या सुमारास उभारलेल्या मंदिराच्या लेखात, ते पत्नी अनुपमादेवी व पुत्र लूणसिंह यांच्या श्रेयासाठी बांधल्याचे नमूद आहे. सामान्य श्रावकाच्या धातुप्रतिमेवरही ‘भा’ म्हणजे भार्या, या अक्षरापुढे पत्नीचे नाव येते. शेकडो वर्षांपूर्वीचा कारागीर बोटभर जागेत स्त्रीचे नाव कोरीत असे. आपल्या घरोघरच्या वंशावळी मात्र पित्याकडून पुत्राकडे उतरतात. त्यांत आजीचे नाव नसते, माहेरचे गोत्र नसते, विवाहात बदललेले तिचे मूळ नाव तर नसतेच. विवाह जमविताना स्वतःचे, आईचे, वडिलांच्या आईचे व आईच्या आईचे अशी चार गोत्रे टाळण्याची रीत होती. त्या रीतीने निदान स्त्रियांची गोत्रे तोंडपाठ राहत. आता परिचयपत्रात मामांचे आडनाव तेवढे उरले आहे.

‘जैन’ हेच आडनाव?

अनेक तरुण आज आडनावाच्या जागी केवळ ‘जैन’ लिहितात. त्यामागील हेतू चांगला आहे. दसा-वीसा, ओसवाल-पोरवाड, उत्तर-दक्षिण हे भेद मिटावेत, हे कोणाला नको आहे? २०११ च्या जनगणनेत देशात ४४,५१,७५३ व महाराष्ट्रात १४,००,३४९ जैन नोंदले गेले. एवढ्या लहान समाजाने आपसांत भिंती बांधणे शोभत नाही. परंतु धर्माच्या रकान्यात जैन लिहावे व आडनावाच्या रकान्यात आडनाव, असे मला नम्रपणे वाटते. उच्चनीच भाव आडनावात नसतो, तो आपल्या मनात असतो. वर पाहिलेली नावे तर उलटेच सांगतात. कोणी कोठार राखले, कोणी कापड विकले, कोणी नांगर धरला, कोणी तलवार ठेवली. यांतील कोणाला मोठे म्हणावे व कोणाला लहान?

म्हणून सुवर्णमहोत्सवी वर्षात संस्थेने एक नोंदवही सुरू करावी, अशी माझी विनंती आहे. प्रत्येक परिवाराने तीत आडनाव, गोत्र, मूळ गाव, येथे केव्हा व कोणासह आलो ही माहिती लिहावी. आणि प्रत्येक पिढीतील स्त्रियांची माहेरची नावे व गोत्रे आवर्जून लिहावीत. ज्यांना हे ठाऊक आहे ते वयोवृद्ध आज आपल्यात आहेत. शताब्दीची स्मरणिका काढणाऱ्या नातवंडांना आपल्या पणजीचे नाव त्या वहीत सापडावे, एवढीच सदिच्छा.

जय जिनेंद्र.