वैलावरचे वरण ते स्लो कुकर

डाळ शिजते तेव्हा तिच्यात दोन बदल होतात. दाण्याच्या पेशींना एकत्र धरून ठेवणारे पेक्टिन सुटते आणि आतला स्टार्च पाणी पिऊन फुगतो. दोन्हींसाठी उष्णता लागते आणि वेळही लागतो. सोललेली, फोडलेली मसूर डाळ उघड्या पातेल्यात अर्ध्या तासात मऊ होते. तुरीच्या डाळीला पाऊण तास ते तास लागतो. सालासकटचा अख्खा उडीद रात्रभर भिजवूनही दोन-तीन तास मागतो. पाणी जड असेल तर हा वेळ आणखी लांबतो, कारण त्यातले कॅल्शियम आणि मॅग्नेशियम पेक्टिनला घट्ट बांधून ठेवतात. अमुक विहिरीच्या पाण्यात डाळ शिजत नाही, हे खेडोपाडी बोलले जाणारे वाक्य रसायनशास्त्राच्या दृष्टीनेही बरोबर आहे. चिंच किंवा आमसूल आधी पडले तरी डाळ अडते; म्हणून आमटीत आंबट नेहमी डाळ शिजल्यावरच घालतात. दमट, उष्ण जागी वर्ष काढलेली जुनी डाळ तर कितीही उकळली तरी दाठरच राहते.

स्वयंपाकघराला हा वेळ कुणाच्या तरी लक्षातून आणि सरपणातून काढून द्यावा लागत असे. डाळ शिजवण्याच्या साधनांचा इतिहास पाहिला तर त्यातला खरा प्रश्न वेग हा नव्हता. भांड्याजवळ कोणी थांबायचे, हा होता.

महाराष्ट्रात डाळींचा पुरावा बराच मागे जातो. पुणे जिल्ह्यात घोड नदीकाठी इनामगाव येथे डेक्कन कॉलेजने 1968 ते 1983 या काळात उत्खनन केले. इसवी सनापूर्वी साधारण 1600 ते 700 या काळातल्या त्या वस्तीत बार्लीबरोबर मसूर, कुळीथ आणि लाख यांचे जळके दाणे सापडले. आज मराठी घरात रोज लागणारी तूर मात्र पूर्व भारतातली. तिची रानटी भावंडे अजून ओडिशा-बस्तरच्या जंगलपट्ट्यात उगवतात. बाराव्या शतकात कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याच्या ‘मानसोल्लास’ या ग्रंथात हरभरा, मसूर, तूर अशा भरडलेल्या डाळी हिंगाच्या पाण्यात हळद आणि सैंधव घालून मंद आचेवर शिजवण्याची कृती आहे. हिंग, हळद आणि मंद आच ही त्रयी नऊशे वर्षे टिकली आहे.

मंद आच राखण्याची मराठी सोय म्हणजे वैल. मातीची चूल घालताना मुख्य तोंडाच्या बाजूला किंवा मागे एक जास्तीचा उंचवटा करीत आणि चुलीतून त्यात एक भोक काढीत. वैलात वेगळे लाकूड घालायचे नसते. पुढच्या चुलीतली धग तेवढी त्या भोकातून येते. पुढे तव्यावर भाकरी चालते आणि त्याच सरपणावर बाजूला वैलावर डाळ शिजत असते. त्यासाठी वेगळे जळण नको आणि वेगळे माणूसही नको, कारण भाकऱ्या थापणारी बाई तिथेच बसलेली असते.

वैलावर भांडे चढवण्याचीही ठरलेली रीत होती. कल्हई केलेल्या पितळी पातेल्याच्या बुडाला बाहेरून मातीचा किंवा राखेचा पातळ लेप देत, म्हणजे काजळी घासायला सोपी जाई. आधण आले की डाळ वैरायची, त्यात चिमूट हळद, हिंग आणि तेलाचे दोन थेंब टाकायचे. तेलाने फेस बसतो आणि पाणी उतू जात नाही. वर खोलगट झाकण ठेवून त्यात पाणी ओतत. आतली वाफ त्या थंड झाकणाला लागून परत डाळीत पडे, आणि झाकणातले पाणी कोमट होऊन हाताशी तयार राही. डाळीतले पाणी आटले की तेच घालायचे. गार पाणी घातले तर डाळ दाठरते असा अनुभव सांगितला जाई. पुरणाच्या दिवशी हरभऱ्याची डाळ अशीच शिजवून तिचे वरचे पाणी, म्हणजे कट, आमटीसाठी वेगळे काढीत. वरण असेल तर शेवटी रवीने घोटत. काचेच्या झाकणाला आतून लागलेली वाफ स्लो कुकरमध्ये पुन्हा डाळीत उतरते, ती याच तत्त्वावर.

उत्तर भारतात हेच काम वेगळ्या साधनाने होत असे. पंजाब-हरियाणाच्या खेड्यांत अंगणात मातीचा, मडक्याच्या आकाराचा ‘हारा’ असतो. त्यात शेणाच्या गोवऱ्या धुमसत ठेवतात. सकाळी ठेवलेले दूध संध्याकाळपर्यंत लालसर होते, आणि अख्ख्या उडदाची हंडी त्याच धगीवर दिवसभर राहते. तंदूर असेल तिथे रोट्या संपल्यावर विझत आलेल्या निखाऱ्यांवर रात्री डाळ ठेवून देतात. फाळणीनंतर पेशावरहून आलेल्या मंडळींनी 1947 मध्ये दिल्लीच्या दरियागंजमध्ये ‘मोती महल’ सुरू केले. तंदुराजवळ शिजणाऱ्या काळ्या उडदात टोमॅटो, लोणी आणि साय घालून झालेली दाल मखनी देशभर गेली ती या उपाहारगृहाच्या नावाने. ती नेमकी कोणी पहिल्यांदा केली, यावर 2024 साली दिल्ली उच्च न्यायालयात ‘मोती महल’ आणि ‘दरियागंज’ या दोन उपाहारगृहांचा वाद गेला. एका डाळीच्या जनकत्वासाठी कज्जा व्हावा, यातच त्या पदार्थाची बाजारातली पत कळते.

पुरीच्या जगन्नाथ मंदिरात आणखी एक पद्धत आहे. तिथे मातीची भांडी एकावर एक रचून लाकडाच्या आचेवर ठेवतात आणि भात, डाळ, भाज्या वाफेवर शिजतात. कोलकात्याचे डॉक्टर इंदुमाधव मल्लिक यांना आपल्या यंत्राची कल्पना पुरीच्या या रचनेवरून सुचली असे सांगितले जाते. मल्लिक (1869–1917) यांनी 1910 मध्ये ‘इकमिक कुकर’ तयार केला. बाहेर धातूचा उंच डबा, त्यात जेवणाच्या डब्यासारखे एकावर एक बसणारे कप्पे आणि तळाशी लहानशी कोळशाची शेगडी. तळच्या कप्प्यात डाळ किंवा मटण, वर भात, त्याच्या वर भाजी. मूठभर कोळसे पेटवून डबा बंद केला की कोणी जवळ बसायची गरज नसे. कोळसे आपोआप विझत, अन्न गरम राही आणि करपण्याची भीती नसे.

हे यंत्र कोणासाठी होते, ते लक्षात घेण्यासारखे आहे. घरापासून लांब, शहरातल्या मेसमध्ये किंवा भाड्याच्या खोलीत राहणारे कारकून आणि विद्यार्थी हे त्याचे मुख्य गिऱ्हाईक. घरी बायको किंवा आई होती तोवर डाळीपाशी थांबण्याचा प्रश्न पुरुषाला पडलेलाच नव्हता. खोलीवर एकटा राहू लागल्यावर तो पडला आणि लगेच त्यावर यंत्र निघाले. अशाच धर्तीचे पितळी, वाफेवर चालणारे कुकर महाराष्ट्रातही आले आणि एकट्या नोकरदारांच्या खोल्यांतून प्रवासाच्या सामानापर्यंत पोचले. घरातल्या चुलीवर मात्र त्यांचा फार परिणाम झाला नाही.

तो परिणाम प्रेशर कुकरने केला. तत्त्व जुने होते. फ्रेंच संशोधक दनी पापँ याने 1679 मध्ये लंडनमध्ये बंद भांड्यात वाफ कोंडून हाडे मऊ करून दाखवली होती. भारतात ‘हॉकिन्स’ आणि ‘प्रेस्टिज’ हे दोन्ही कुकर 1959 च्या सुमारास ब्रिटिश कंपन्यांच्या सहकार्याने बनू लागले. हवेच्या दाबावर आणखी एक किलो प्रति चौरस सेंटिमीटर दाब चढला की पाणी 100 ऐवजी सुमारे 120 अंशांना उकळते आणि तासाची तूरडाळ दहा-पंधरा मिनिटांत होते. 1965 मध्ये कोलकात्यात इंडेन गॅस सुरू झाला आणि पुढे सिलिंडर मध्यमवर्गीय ओट्यावर आला. तेव्हा चूल, वैल आणि शेगडी ही तिन्ही साधने शहरी घरांतून एका पिढीत गेली.

मराठी घरात कुकर लावायचा म्हणजे खालच्या डब्यात डाळ, वरच्यात भात. ही मांडणी मल्लिकांच्या यंत्रातलीच, फक्त कोळशाऐवजी दाब. वेळ मोजण्याचे मापही बदलले. आधी डाळ बोटाने चेपून पाहत. आता तीन शिट्ट्या, चार शिट्ट्या असे पाककृतीत छापून येऊ लागले. वाफेच्या झोताची, झाकण उडण्याची भीती पहिली काही वर्षे राहिली, पण सरपणाची आणि वेळेची बचत एवढी मोठी होती की ती भीती टिकली नाही. चवीत फरक पडला हे मान्य करायला हवे. दाबाखाली तूरडाळ पूर्ण विरघळते, आणि वरणासाठी ते उत्तमच. अख्खा उडीद किंवा राजमा मात्र दाबात फुटतो आणि त्याचा स्टार्च पाण्यात एकजीव होण्याआधीच दाणा वेगळा आणि पाणी वेगळे असे राहते. ढाब्यावरच्या डाळीचा दाटपणा कुकरमधून उतरत नाही, याचे कारण हेच.

विजेवर चालणारा स्लो कुकर याच्या बराच आधी अमेरिकेत आकाराला आला होता, आणि तोही मुळात कडधान्यासाठीच. शिकागोचे संशोधक अर्व्हिंग नॅक्सन यांनी 1936 मध्ये पेटंटसाठी अर्ज केला; ते 1940 मध्ये मिळाले. त्यांच्या आईने लिथुआनियातल्या व्हिल्ना शहरातली एक आठवण सांगितली होती. यहुदी लोकांना शब्बाथच्या दिवशी चूल पेटवता येत नाही. म्हणून शुक्रवारी सूर्यास्तापूर्वी घेवड्याचे दाणे, बार्ली आणि मांस भरलेली ‘चोलंट’ची हंडी बेकरीवाल्याच्या भट्टीत ठेवून येत, आणि ती विझत्या भट्टीत रात्रभर शिजे. तंदुरातल्या रात्रीच्या उडदाशी या प्रथेचा काही संबंध नाही, तरी युक्ती तीच. नॅक्सनच्या भांड्याचे विक्रीतले नाव ‘बीनरी’ होते. 1970 मध्ये कॅन्सस सिटीच्या ‘रायव्हल’ कंपनीने त्यांचा व्यवसाय घेतला आणि 1971 मध्ये तेच भांडे ‘क्रॉक-पॉट’ म्हणून बाजारात आणले. 1974 पासून आतले मातीचे चकचकीत भांडे बाहेर काढून धुता येऊ लागले. जाहिरातींचा रोख सरळ होता: बाई दिवसभर कामावर असली तरी स्वयंपाक घरी होत राहतो. वैलाजवळ बसणारी बाई आता घरी नव्हती, आणि तिच्या जागी हे भांडे आले.

अमेरिकेत 1965 च्या स्थलांतर कायद्यानंतर गेलेल्या भारतीय कुटुंबांनी सामानात प्रेशर कुकरच नेला. स्लो कुकर त्यांच्या घरात नंतर आला, बहुधा तिथेच वाढलेल्या मुलांच्या हातून. शिकागोच्या पत्रकार अनुपी सिंगला यांचे भारतीय पदार्थांसाठीच्या स्लो कुकरवरचे इंग्रजी पुस्तक 2010 मध्ये निघाले आणि डाळी, राजमा, छोले ही त्यातली मुख्य सामग्री होती. त्याच वर्षी कॅनडात ‘इन्स्टंट पॉट’ आला, ज्यात दाब आणि मंद आच एकाच भांड्यात मिळते. पुढे परदेशातल्या अनेक भारतीय घरांनी तोच पसंत केला.

भारतात स्लो कुकर रुजला नाही. घरोघरी प्रेशर कुकर आधीच होता, आणि ग्रामीण महाराष्ट्रात भारनियमन जोरात असताना आठ तास अखंड विजेवर अवलंबून राहणारे भांडे कामाचेही नव्हते. वीज मधेच गेली तर डाळ कोमट अवस्थेत पडून राहते आणि जंतूंना तेच तापमान सोयीचे. सौर पेटी-चुलीला 1980 च्या दशकात सरकारी अनुदान मिळाले. ती तत्त्वतः उन्हावरचा स्लो कुकरच. उन्हाळ्यात तिच्यात दोन-तीन तासांत डाळ होते, पण पावसाळ्यातले चार महिने ती माळ्यावर जाते.

स्लो कुकरमधली डाळ साधी असते. धुतलेली एक वाटी तूरडाळ, चार वाट्या गरम पाणी, हळद, हिंग, चमचाभर तेल. जास्त आचेवर तीन-चार तास, कमी आचेवर सहा ते आठ. आतले तापमान शेवटी 95 अंशांच्या आसपास पोचते, दोन्ही आचांवर जवळजवळ सारखेच; फरक पडतो तो तिथे पोचायला लागणाऱ्या वेळेत. पाणी फारसे आटत नाही, म्हणून नेहमीच्या सवयीने जास्त घातले तर डाळ पातळ राहते. तूर, मूग, मसूर यांना यात धोका नाही. राजमा मात्र असा थेट घालू नये. त्यातला फायटोहीमॅग्लुटिनिन हा विषारी घटक 80 अंशांच्या आसपास नष्ट होत नाही, उलट त्याची विषारी क्रिया कच्च्या दाण्याच्या पाच पटीपर्यंत वाढू शकते. तो किमान पाच तास भिजवून, पाणी फेकून, ताज्या पाण्यात 30 मिनिटे खळखळ उकळून मगच स्लो कुकरमध्ये टाकावा. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाचाही हाच सल्ला आहे.

एक काम या भांड्याला जमत नाही. दाब नसलेल्या, पाणी असलेल्या भांड्यात तापमान 100 अंशांवर जात नाही, आणि मोहरी तडतडायला तेल त्याहून बरेच जास्त तापावे लागते. त्यामुळे आठ तास बिनदेखरेख शिजलेल्या डाळीलाही शेवटची दोन मिनिटे गॅसवर कढली ठेवून, समोर उभे राहूनच फोडणी द्यावी लागते.