तळटीप : जांभळा रंग आणि अल खोर

रोमन सम्राटांच्या जांभळ्या वस्त्राचे सारे श्रेय लेखकाने फिनिशियातील टायर नगराला दिले आहे. ते अपुरे वाटते. कतारच्या अल खोर बेटावर, रोमच्या उदयाआधी कित्येक शतके, बॅबिलोनियातील कॅसाइट राजवटीच्या काळात (इ.स.पू. दुसरे सहस्रक) समुद्री गोगलगायींपासून असाच रंग काढत. या गोगलगायी खाऊन टाकल्या असतील, अशी शंका कोणी घेईल. पण येथे प्रामुख्याने एकाच जातीची लाखो कवचे ठेचलेल्या अवस्थेत सापडली, सोबत कॅसाइट घडणीची मोठी मातीची भांडी. खाण्यासाठी कवचाचा असा चुरा केला, तर तुकडे मांसातच मिसळतात. उलट रोमन लेखक प्लिनी (मृत्यू इ.स. ७९) सांगतो, की रंगासाठी लहान गोगलगायी कवचासकट जिवंत ठेचत. अल खोरचा रंग रोमला पोचला, असा मात्र याचा अर्थ नव्हे.