कारुसोचा रुसवा

गवयाचा मान आणि गांवाचा मान यांचें भांडण आम्हांस नवें नाहीं. परंतु इटलीचा विख्यात टेनर, म्हणजे उंच पट्टीचा गायक, एन्रिको कारुसो याचें आपल्या जन्मगांवाशीं जें एकदां बिनसलें तें वीस वर्षें मिटलें नाहीं.

१८७३ सालीं नेपल्स शहरांत एका गरीब कामकऱ्याच्या घरीं तो जन्मला. रंगभूमीवर पहिलें पाऊलही त्यानें १८९५ मध्यें तेथेंच टाकलें. पुढें मिलानच्या ला स्काला नाट्यगृहांत नांव मिळवून, १९०१ च्या डिसेंबरअखेर, तो नेपल्सच्या सान कार्लो नाट्यगृहांत डोनिझेत्तीच्या 'प्रेमाचें औषध' या ऑपेरांत भोळ्या नेमोरिनोची भूमिका घेऊन उभा राहिला. घरच्या लोकांनीं डोक्यावर घ्यावें ही त्याची अपेक्षा. पण तेथील जाणत्या मंडळींनीं दाद देतांना हात आखडता घेतला व टीकाकारांनीं दोष काढले. या गांवीं पुन्हां गाणार नाहीं, अशी त्यानें प्रतिज्ञा केली आणि ती अखेरपर्यंत पाळली. टीका सर्वस्वीं अन्यायाची होती असें आम्ही म्हणणार नाहीं. त्याच्या कंठाला पुढें जें गांभीर्य आलें तें तेव्हां यावयाचेंच होतें.

चार महिन्यांच्या आंत ग्रामोफोन कंपनीच्या फ्रेड गायस्बर्गनें मिलानच्या एका हॉटेलांत त्याचीं दहा गाणीं मुद्रित केलीं. मोबदला शंभर पौंड. (हाच गायस्बर्ग त्याच वर्षीं कलकत्त्यास येऊन गौहरजानचें गाणें घेऊन गेला.) त्या काळच्या कर्ण्यांत कित्येक चांगले आवाज फिके पडत, कारुसोचा भरदार कंठ मात्र ठसठशीत उमटे.

१९०३ च्या नोव्हेंबरांत तो न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन नाट्यगृहांत प्रथम गायिला, आणि १९२० पर्यंत त्या संस्थेसाठीं त्याचे आठशेंहून अधिक प्रयोग झाले. तरी ज्या गांवाला त्यानें आपला कंठ नाकारला, त्याच गांवच्या बोलींतलीं गाणीं तो अमेरिकेंत तबकड्यांवर गाई. 'ओ सोले मिओ' १९१६ मधलें. याला रुसवा म्हणावें कीं विरह? आम्हांस तो विरहच वाटतो.

११ डिसेंबर १९२० रोजीं ब्रुकलिन येथें गातां गातां त्याच्या तोंडांतून रक्त येऊं लागलें. रुमालामागून रुमाल भिजले, तरी पहिला अंक संपवूनच तो थांबला. ऑपेरा तोच, 'प्रेमाचें औषध', आणि भूमिकाही तीच.

पुढच्या वर्षीं तो मायदेशीं परतला, आणि २ ऑगस्ट १९२१ रोजीं नेपल्समधील एका हॉटेलांत, वयाच्या अठ्ठेचाळिसाव्या वर्षीं, वारला. राजाच्या परवानगीनें सान फ्रान्चेस्को दि पाओला या देवळांत त्याचा अंत्यविधि झाला. सान कार्लो नाट्यगृह तेथून हाकेच्या अंतरावर आहे.