सहा, सात, आठ : गोडदेवची जमीन आणि गोडदेवचे मत

महसूल कचेरीतल्या माणसाला नुसते 'सहा नंबर' म्हटले, तर त्याला काय आठवेल हे तो त्या दिवशी कोणत्या टेबलावर बसला आहे यावर ठरते. जमिनीच्या टेबलावर गाव नमुना सहा म्हणजे फेरफार नोंदवही, सात म्हणजे अधिकार अभिलेख आणि आठ-अ म्हणजे एका खातेदाराच्या सगळ्या जमिनीचा गोषवारा. निवडणुकीच्या टेबलावर नमुना सहा म्हणजे मतदार यादीत नवे नाव घालण्याचा अर्ज, सात म्हणजे एखाद्या नावाला हरकत किंवा ते वगळण्याची मागणी आणि आठ म्हणजे दुरुस्ती किंवा पत्त्यातला बदल. आकडे जुळले हा योगायोग आहे. दोन्ही नमुने एकाच खात्याच्या माणसांनी भरून घेणे हा मात्र योगायोग नव्हे. त्यामागे दोनशे वर्षांचा इतिहास आहे आणि तो समजून घ्यायला भाईंदर पूर्वेचे गोडदेव हे फार सोयीचे ठिकाण आहे.

रेल्वे स्टेशनातून बाहेर पडून नवघर रस्त्याने आत आले की गोडदेव नाका लागतो. आजूबाजूला इमारती, दुकाने, रिक्षांची रांग. यात गाव कुठे आहे असा प्रश्न नवख्याला पडतो. पण सरकारी दप्तरात हे ठिकाण अजूनही 'मौजे गोडदेव, तालुका व जिल्हा ठाणे' असेच आहे. इथल्या सातमजली इमारतीचा पत्ता दप्तरात शोधायचा तर सर्व्हे नंबर आणि हिस्सा नंबरच विचारावा लागतो. वर शहर वसले, खाली दप्तर गावाचेच राहिले.

खारे पाणी आणि कागद

गोडदेव हे साष्टी बेटाच्या उत्तर टोकाकडचे गाव. साष्टी पोर्तुगीजांकडून १७३९च्या सुमारास मराठ्यांकडे आली, १७७४च्या अखेरीस इंग्रजांनी ती घेतली आणि १७८२च्या सालबाईच्या तहाने त्यांच्याकडे कायम झाली. या पट्ट्यात जमीन म्हणजे नुसती माती नव्हे. बांध घालून खाऱ्या पाण्याला अडवले तर शेत, बांध फुटला तर खाजण, आणि पाणी मुद्दाम आत घेतले तर मिठागर. त्यामुळे इथे जमीन कोणाची, या प्रश्नाला बांध कोणाचा, हा दुसरा प्रश्न नेहमीच जोडलेला असे.

१८७० साली सरकारने भाईंदर, मिरे आणि घोडबंदर या गावांबाबत रामचंद्र लक्ष्मणजी यांना ९९९ वर्षांचा पट्टा करून दिला. खाऱ्या पाण्यापासून जमिनी राखणे हा त्या व्यवहाराचा गाभा होता. पुढे या पट्ट्याचा वारसा सांगणारी खाजगी कंपनी एका बाजूला आणि पिढ्यान्‌पिढ्या जमीन कसणारे स्थानिक दुसऱ्या बाजूला, असा वाद महसूल कचेरीपासून न्यायालयापर्यंत चालत आला. १९५१ साली मुंबई सरकारने साष्टीतल्या इस्टेटींची महसूलमाफी रद्द करणारा स्वतंत्र कायदाच केला. दीडशे वर्षांपूर्वी लिहिलेला एक कागद आजच्या माणसाच्या घरापर्यंत कसा पोहोचतो, याचे याहून जवळचे उदाहरण या भागात सापडणार नाही.

ज्याला आपण सातबारा म्हणतो तो या पट्ट्याहून तरुण आहे. गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी १८३५च्या सुमारास इंदापुरातून सुरू केलेल्या मोजणीने शेताला नंबर आणि नंबराला आकार दिला. पण तिला काळजी होती ती सारा कोण भरतो याची. हक्क कोणाचा, कूळ कोण, बोजा कोणाचा, हे नोंदवण्याची पद्धत मुंबई इलाख्यात १९०३च्या हक्कनोंदणी कायद्याने आली आणि १९१३ साली ती जमीन महसूल कायद्याचा भाग झाली. नमुना सात आणि नमुना बारा एका कागदावर आले आणि त्या कागदाला लोकांनी नाव दिले सातबारा.

त्याच दप्तरात कोतवाल बुक, म्हणजे जन्ममृत्यूची जुनी वही, असे. कोण जन्मले, कोण गेले, कोणाचे शेत कोणाकडे आले, हे सगळे एकाच चावडीवर लिहिले जाई. २०२३ साली न्यायमूर्ती संदीप शिंदे समिती कुणबी नोंदी शोधायला निघाली तेव्हा याच वह्या राज्यभर पुन्हा उघडल्या गेल्या. शंभर वर्षांपूर्वी कोणा लिहिणाऱ्याने सहज टाकलेला एक शब्द आज नातवाच्या शिक्षणाचा आणि नोकरीचा प्रश्न ठरला.

मत सातबाऱ्यातून निघत होते तेव्हा

मतदार यादीचा जन्म याच वह्यांतून झाला, हे आज सहसा लक्षात राहत नाही. १९१९च्या सुधारणा कायद्याने प्रांतिक कायदे मंडळासाठी मतदार ठरवले ते मालमत्तेवरून. मुंबई इलाख्याच्या ग्रामीण भागात सर्वसाधारण अट होती ३२ रुपये आकाराची जमीन असण्याची. रत्नागिरीसारख्या जिल्ह्यात १६ रुपयांची. गावातला मतदार शोधायला दारोदार फिरण्याची फारशी गरज नव्हती. दप्तर उघडायचे, आकाराचा रकाना पाहायचा आणि रेषेच्या वर असलेली नावे उतरवून घ्यायची.

१९२१ साली मुंबई कायदे मंडळाने स्त्रियांवरची बंदी उठवली, पण जमिनीची अट तशीच राहिली आणि वहीत बाईचे नाव असे तरी किती ठिकाणी? १९३५च्या कायद्याने अट खाली आणली. शिक्षणाच्या आणि नवऱ्याच्या पात्रतेच्या आधारे अधिक स्त्रिया आत आल्या. तरीही तत्त्व तेच होते. आधी मालमत्तेची नोंद, मग मत. खाजणात राबणारा मजूर, मिठागरावर मीठ ओढणारी बाई, दुसऱ्याचे शेत कसणारे छोटे कूळ यांचा जमिनीशी संबंध सर्वांत जवळचा होता, पण वहीशी नव्हता. म्हणून यादीशीही नव्हता.

ही गाठ स्वातंत्र्यानंतर सुटली. नोव्हेंबर १९४७पासून, म्हणजे राज्यघटना मंजूर होण्याच्याही आधी, प्रौढ मतदानाच्या याद्यांची तयारी सुरू झाली. फाळणीतून आलेल्या निर्वासितांजवळ राहण्याचा पुरावा कुठून असणार? तेव्हा याच ठिकाणी कायम राहण्याचा इरादा आहे, एवढे निवेदन घेऊन नावे घातली गेली. उलट, 'अमक्याची बायको' किंवा 'तमक्याची आई' यापलीकडे स्वतःचे नाव न सांगितल्यामुळे देशभरात सुमारे २८ लाख स्त्रियांची नावे पहिल्या यादीतून गळली. तरीही १९५१-५२च्या निवडणुकीत १७ कोटींहून अधिक मतदार नोंदले गेले. जमिनीची वही बाजूला ठेवून माणसांची वही पहिल्यांदाच लिहिली गेली.

१९५०च्या लोकप्रतिनिधित्व कायद्याचे कलम २० या बदलाचे सार सांगते. मतदार होण्यासाठी त्या ठिकाणचा 'सर्वसाधारण रहिवासी' असावे लागते; आणि एखाद्या मतदारसंघात आपले घर आहे एवढ्याच कारणावरून कोणी तिथला सर्वसाधारण रहिवासी ठरत नाही. तीस वर्षांपूर्वी मालकी हे मताचे दार होते. आता नुसती मालकी पुरेशी नाही, राहणे हवे. हेच सूत्र जमिनीलाही लागले. कूळकायद्याने १ एप्रिल १९५७ हा कृषकदिन ठरवला आणि कसणारे कूळ मालक झाले. तिथेही वहीत कूळ म्हणून कोणाचे नाव लागले होते, हाच प्रश्न निर्णायक ठरला.

तोच हात

तत्त्व बदलले, पण लिहिणारा हात बदलला नाही. कुलकर्णी वतने १९५०च्या कायद्याने गेली, महसुली पाटलाचे पद १९६२च्या कायद्याने गेले आणि पगारी तलाठी सर्वत्र उरला. अलीकडे त्याला ग्राम महसूल अधिकारी म्हणतात. जिल्हाधिकारी हाच जिल्हा निवडणूक अधिकारी. विधानसभा मतदारसंघाचा मतदार नोंदणी अधिकारी बहुधा उपजिल्हाधिकारी. त्याचा सहायक तहसीलदार. त्यांच्या हाताखाली दारोदार जाणारा मतदान केंद्रस्तरीय अधिकारी अनेकदा शिक्षक किंवा अंगणवाडी सेविका. निवडणूक आयोगाला स्वतःची एवढी मोठी फौज नाही. गावागावात पोहोचलेली उतरंड महसूल खात्याचीच होती, म्हणून तीच वापरली गेली.

अमेरिकेतही अनेक कौंटींमध्ये एकच कचेरी दोन्ही कामे करते. लॉस एंजलिसमध्ये खरेदीखते, जन्म-मृत्यू-विवाहाच्या नोंदी आणि निवडणुका हे सगळे एकाच अधिकाऱ्याखाली चालते. तिथल्या पुष्कळ कौंटींत असा कारकून लोकांनी निवडून दिलेला असतो. आपल्याकडे तो बदलीवर येतो आणि बदलीवर जातो. त्यामुळे इथे नोंदीचा भरवसा माणसावर नव्हे, पद्धतीवर टाकावा लागतो. आणि पद्धत पाहिली तर दोन वह्यांतला फरक दिसू लागतो.

जमिनीच्या नोंदीत बदल करायचा तर फेरफार धरावा लागतो. हितसंबंधितांना नोटीस जाते, चावडीवर ती लागते, हरकतीला पंधरा दिवस मिळतात, मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतो. जमीन महसूल संहितेचे कलम १५७ सांगते की विरुद्ध सिद्ध होईपर्यंत अधिकार अभिलेखातली नोंद खरी मानावी. तरीही फेरफाराने मालकी सिद्ध होत नाही, असे न्यायालये पुनःपुन्हा सांगत आली आहेत. म्हणजे सातबाऱ्यावरून नाव गेले, तरी दिवाणी न्यायालयाचे दार उघडे असते. दहा वर्षांनी का होईना, जमीन परत मिळू शकते.

मतदार यादीचे तसे नाही. कायद्याने मतदान करता येते ते यादीत नाव असलेल्यालाच. मतदानाच्या सकाळी नाव नसेल, तर हातातले ओळखपत्र उपयोगाचे नाही, आणि ती निवडणूक पुन्हा येत नाही. हक्क सर्वांत नाशिवंत आणि नोंद सर्वांत चंचल, अशी ही वही आहे. मुंबई आणि दिल्लीतल्या वस्त्यांत मतदारांना नागरिकत्वाचे पुरावे मागणाऱ्या नोटिसा गेल्या तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली लालबाबू हुसेन खटल्यात ठरवून दिले की आधीच्या यादीत असलेले नाव काढण्यापूर्वी त्या माणसाला कारण कळले पाहिजे आणि म्हणणे मांडण्याची खरी संधी मिळाली पाहिजे. न्यायालयाने मतदाराला थोडेसे खातेदाराच्या शेजारी आणून बसवले, असे म्हणता येईल.

दोन माणसे

आता पुन्हा गोडदेवला येऊ. १२ जून १९८५ रोजी इथल्या ग्रामपंचायती एकत्र करून मीरा-भाईंदर नगरपरिषद झाली आणि २८ फेब्रुवारी २००२ रोजी महानगरपालिका. २००१च्या जनगणनेत शहराची लोकसंख्या ५ लाख २० हजार होती. २०११ साली ती ८ लाखांवर गेली. या शहरात दोन प्रकारची माणसे शेजारी शेजारी राहतात.

पहिला गावठाणातला. गावठाणातल्या घराला सातबारा नसतो. ग्रामपंचायतीच्या काळात घराची नोंद असे ती पंचायतीच्या नमुना आठमध्ये, म्हणजे घरपट्टीच्या आकारणी वहीत. पंचायत गेली तशी ही वही जुन्या दप्तरात जमा झाली आणि जपून ठेवलेल्या घरपट्टीच्या पावत्या हाच त्याचा पुरावा उरला. मतदार यादीत मात्र त्याचे नाव त्याच घरावर, त्याच पत्त्यावर, पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेले.

दुसरा इमारतीतला. त्याने सदनिका विकत घेतली असेल, पण सोसायटीच्या नावे अभिहस्तांतरण झाले नसेल तर सातबाऱ्यावर अजून जुन्या मालकाचेच नाव असते. तो भाडेकरू असेल तर अकरा महिन्यांच्या करारावर आज गोडदेव, पुढच्या वर्षी खारी, त्यानंतर नालासोपारा. जमिनीच्या वहीत त्याचे नाव नाहीच. मतदार यादी ही सरकारदरबारी या गावाशी त्याला जोडणारी मोठी नोंद. आणि तीच प्रत्येक स्थलांतरात मागे राहते. केंद्रस्तरीय अधिकारी दार वाजवतो, नवा भाडेकरू 'ते गेले' म्हणतो आणि नावापुढे खूण होते. माणूस शहरातच असतो, फक्त दोन गल्ल्या पलीकडे.

१९१९ साली ज्याच्याकडे जमीन नाही तो यादीबाहेर होता, कारण कायदा तसा होता. आज कायदा त्याच्या बाजूने आहे. तरी ज्याच्याकडे स्वतःचे घर नाही तोच यादीतून आधी गळतो, कारण नोंद पत्त्याला बांधलेली आहे आणि पत्ता मालकाच्या हाती आहे. पुढच्या दाराने बाहेर काढलेली मालमत्तेची अट मागच्या दाराने अशी आत येते. त्यात कोणाचा कट असावा लागत नाही. लिहिणाऱ्याची घाई पुरते.

या शहरात हा प्रश्न तातडीचा ठरला. महापालिकेची निवडणूक ऑगस्ट २०१७ मध्ये झाली, मुदत ऑगस्ट २०२२ मध्ये संपली आणि त्यानंतर कारभार प्रशासकाकडे गेला. रखडलेल्या स्थानिक निवडणुका घेण्याचे आदेश सर्वोच्च न्यायालयाने ६ मे २०२५ रोजी दिले. स्थानिक निवडणुकांसाठी राज्य निवडणूक आयोग वेगळी यादी तयार करत नाही. विधानसभेचीच यादी प्रभागांत विभागून घेतो. म्हणजे मूळ यादीतली चूक प्रभागात जशीच्या तशी उतरते, आणि जिथे काही थोड्या मतांवर नगरसेवक ठरू शकतो तिथे ती अधिक महाग पडते.

यावर मोठ्या सुधारणेची गरज नाही. महसूल खात्याने शंभर वर्षे जी शिस्त जमिनीसाठी पाळली, तीच मतासाठी पाळायची आहे. नाव काढायचे तर आधी नोटीस, नोटीस खरोखर पोहोचल्याचा दाखला, हरकतीला मुदत आणि वगळलेल्या नावांची यादी चावडीसारख्या उघड्या जागी. कायद्यात यातले बरेचसे आहे. २०२२पासून तर वर्षातून चार अर्हता दिनांक आहेत, त्यामुळे नव्याने अठरा पूर्ण करणाऱ्याला जानेवारीची वाट पाहावी लागत नाही. उरते ते कागदावरचे प्रत्यक्षात आणणे. आणि थोडे काम आपलेही. वडील गेले की वारसनोंदीसाठी आपण तलाठ्याकडे चार खेटे घालतो. घर बदलले की नमुना आठ भरण्यासाठी एकही घालत नाही.

गोडदेवच्या शेतात आता भात होत नाही. नमुना बाराचा पिकाचा रकाना इथे बहुतेक ठिकाणी अर्थ हरवून बसला आहे. पण याच खात्याची दुसरी वही अजून जिवंत आहे, आणि तिच्यात कूळ म्हणून नाव लागलेला प्रत्येक माणूस मतदानाच्या दिवशी मालक असतो.