मेला तर नोकरी, अंथरुणाला खिळला तर?

अनुकंपा म्हटलं की आपल्याला 'सेवेत असताना मयत' एवढंच आठवतं. पण एके काळी राज्य सरकारची हीच योजना आजाऱ्यांच्या घरालाही लागू होती. 1994 च्या योजनेत गंभीर आजाराने किंवा अपघाताने काम अशक्य होऊन रुग्णता निवृत्त झालेल्याच्या वारसालाही नोकरी मागता यायची. 22 ऑगस्ट 2005 च्या शासन निर्णयाने ते दार बंद झालं. राहिले फक्त मयत.

आता गंमत बघा. राज्याने दार लावलं आणि पुढच्याच वर्षी, जून 2006 मध्ये, रेल्वे बोर्डाने आपलं किलकिलं केलं. लोको पायलटची नजर गेली, गँगमनचा गुडघा गेला, की डॉक्टर त्याला त्या कामातून कमी करतात. अशा माणसाने स्वेच्छानिवृत्ती मागितली आणि सेवेची किमान पाच वर्षं शिल्लक असली, तर घरातल्या एकाचा विचार करायचा, असं ठरलं. (बापाने स्वेच्छानिवृत्ती घ्यायची आणि पोराने लागायचं ती 'लार्सजेस' वेगळी. ती 2018 ला बंद पडली. दोन्हींची गल्लत करू नका.)

म्हणजे मिरजेत एकाच गल्लीत दोन घरं. एक रेल्वेचं, एक तहसील कचेरीचं. आजार सारखाच, नियम मात्र दोन. साताऱ्यात, कोरेगावात तरी वेगळं काय? नगरपालिकेच्या सफाई कामगारांना लाड-पागे समितीमुळे तिसराच नियम, पण तो स्वतंत्र मोठा विषय आहे.

कोर्टाने अडवलं म्हणून राज्याने हे केलं असं कुणी म्हणेल. नागपाल खटल्यात, तेही 1994 सालीच, सुप्रीम कोर्टाने अनुकंपा हा वारसाहक्क नाही असं बजावलं, हे खरं. पण 2008 मध्ये आंध्रच्या शिवमूर्ती खटल्यात त्याच कोर्टाने आजारपणामुळे निवृत्त झालेल्यांच्या वारसांसाठी अशी योजना घटनेत बसते असं सांगितलं. कमावता गेला तर पगार जातो. तो अंथरुणाला खिळला तर पगार जातोच, वर औषधपाणी आणि त्याच्यापाशी बसायला एक माणूस लागतो. एवढं साधं गणित आहे. राज्याने मुभा असूनही दार उघडलं नाही, असंच म्हणावं लागेल.

यात फसतात ते असे. "साहेब, रुग्णता निवृत्ती घ्या, पोराचं बघू," असं कुणीतरी ऑफिसात सांगतं. माणूस सही करतो. पोराला नोकरी नाही आणि स्वतःचीही गेली! वास्तविक 1995 च्या अपंग कायद्याचं कलम 47 आणि आता 2016 च्या कायद्याचं कलम 20(4) सांगतं की सेवेत असताना अपंगत्व आलं म्हणून कर्मचाऱ्याला काढता येत नाही. त्याच पगारावर दुसरं काम द्यायचं, ते नसेल तर अधिसंख्य पद. पाय गमावलेल्या कुणाल सिंग या जवानाला सुप्रीम कोर्टाने 2003 मध्ये याच कलमावर न्याय दिला, आणि रुग्णता पेन्शन सुरू आहे ही सबब चालू दिली नाही.

तेव्हा पक्षाघात झालेल्याच्या घरच्यांनी आधी पर्यायी पदाचा अर्ज लेखी द्यावा, पोच घ्यावी. निवृत्तीच्या कागदावर सही घाईने नको. कर्करोग मात्र या कायद्याच्या यादीत आपोआप बसत नाही. त्या घरांना 2005 नंतर ना हे दार, ना ते.