परीक्षा पाण्याची, अभय नळाला

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अमेरिकेतील शहरांनी सार्वजनिक पाणीपुरवठा योजना उभारल्या, तेव्हा रस्त्याखालील मुख्य जलवाहिनी सर्वसाधारणपणे ओतीव लोखंडाची असे. परंतु तिच्यापासून घरापर्यंत जाणारी आखूड नळी, म्हणजे नळजोडणीची नळी, बहुतेक मोठ्या शहरांत शिशाची घातली जाई. शिसे महाग होते, तरी ते सहज वाकवता येई, जमीन खचली तरी फुटत नसे आणि लोखंडी नळीपेक्षा पुष्कळ अधिक वर्षे टिके. त्याची विषारता अज्ञात नव्हती; रोमन वास्तुविशारद विट्रुव्हियसने इसवी सनापूर्वीच शिशापेक्षा मातीच्या नळ्या बऱ्या असे लिहून ठेवले होते आणि त्यासाठी शिसेकाम करणाऱ्या कारागिरांच्या निस्तेज वर्णाचा दाखला दिला होता. तथापि नळीच्या आत क्षारांचा पातळ थर बसतो व तो पाणी आणि धातू यांच्या आड येतो, या निरीक्षणावर अभियंत्यांची भिस्त होती. निरीक्षण चुकीचे नव्हते. मात्र तो थर पाण्याच्या रासायनिक गुणधर्मांवर टिकून असतो आणि पाणी बदलले की विरघळू लागतो, ही अट पुढील सव्वाशे वर्षांत वारंवार विसरली गेली.

मॅसॅच्युसेट्स राज्यातील लोवेल या गिरणीनगरीत ही अट सर्वप्रथम ठळकपणे प्रत्ययास आली. १८९०-९१ च्या विषमज्वराच्या साथीनंतर शहराने मेरिमॅक नदीचे दूषित पाणी सोडून विहिरींचे पाणी घेतले. ते रोगजंतूंच्या दृष्टीने निर्धोक होते, परंतु त्यात विरघळलेल्या कार्बन डायऑक्साइडमुळे ते शिशाला खाऊ लागले आणि नागरिकांत शिशाच्या विषबाधेची प्रकरणे दिसू लागली. राज्याच्या आरोग्य मंडळाने शिशाच्या नळ्या टाळाव्यात असे सांगितले, पण तो सल्ला होता, हुकूम नव्हे. विसाव्या शतकाच्या आरंभी अनेक शहरांनी आपणहून अशा नळ्यांवर निर्बंध घातले. त्याला उत्तर म्हणून शिसे उत्पादकांनी १९२८ मध्ये ‘लेड इंडस्ट्रीज असोसिएशन’ ही संघटना स्थापन केली आणि प्लंबरांच्या संघटना, स्थानिक अधिकारी व नळकामाच्या नियमावल्या तयार करणारे यांच्याकडे सातत्याने खेटे घालून शिशाला नियमांत स्थान मिळवून दिले. शिकागोच्या नियमावलीने तर छोट्या नळजोडण्यांसाठी शिसे सक्तीचे केले होते आणि ही सक्ती १९८६ मध्ये संघराज्याने बंदी घालीपर्यंत टिकली. आज त्या एका शहरात सुमारे चार लाख शिशाच्या जोडण्या आहेत, त्यामागे नागरिकांचा निष्काळजीपणा नसून कायद्याचे पालन आहे.

१९७४ च्या सुरक्षित पेयजल कायद्याने संघराज्य सरकारला पिण्याच्या पाण्याचे देशव्यापी निकष ठरवण्याचा अधिकार दिला आणि प्रारंभी शिशाची मर्यादा लिटरमागे ५० मायक्रोग्रॅम ठरली. १९८६ च्या दुरुस्तीने नव्या कामात शिशाच्या नळ्या आणि सांधे जोडण्याचा शिसेयुक्त डाख यांना मनाई केली, पण ‘शिसेमुक्त’ नळी व तिचे जोडभाग यांत ८ टक्क्यांपर्यंत शिसे चालेल अशी व्याख्याही तिनेच केली. ती मर्यादा ०.२५ टक्क्यावर आणणारा कायदा २०११ मध्ये झाला आणि २०१४ पासून लागू झाला. जमिनीत आधीच पुरलेल्या लक्षावधी नळ्यांना मात्र या बंदीने हात लावला नाही.

त्या नळ्यांसाठी पर्यावरण संरक्षण संस्थेने १९९१ मध्ये ‘शिसे व तांबे नियम’ आणला आणि त्यातील विचारसरणी हीच या साऱ्या इतिहासाची कळीची बाब आहे. नियमाने नळी बदलण्याऐवजी पाणी सौम्य करण्यावर, म्हणजे ऑर्थोफॉस्फेटसारखे द्रव्य मिसळून नळीच्या आतला थर टिकवण्यावर भर दिला. निवडक घरांच्या नळांचे नमुने तपासावेत आणि दहा टक्क्यांहून अधिक नमुन्यांत लिटरमागे १५ मायक्रोग्रॅमपेक्षा जास्त शिसे आढळले तरच पुढची कारवाई करावी, असे ठरले; या आकड्याला ‘कृतिपातळी’ म्हणतात, आणि ती आरोग्याची सुरक्षित सीमा नव्हे, कारण आरोग्याचे उद्दिष्ट त्याच नियमात शून्य आहे. नमुनाही रात्रभर नळात साचलेल्या पाण्याच्या पहिल्या लिटरचा घेतला जाई, म्हणजे घरातल्या तोटीजवळचा. रस्त्याकडील नळीत साचलेले पाणी त्यानंतर येते. पाचवा लिटर तपासण्याची अट २०२१ च्या सुधारणेत आली. तीस वर्षे परीक्षा चुकीच्या पाण्याची होत होती, असे म्हणणे अतिशयोक्तीचे ठरणार नाही.

थर टिकवण्यावर विसंबणारी नियमाची बाजू किती लंगडी आहे, हे वॉशिंग्टन शहरात उघड झाले. निर्जंतुकीकरणातून उद्भवणारी घातक संयुगे घटावीत म्हणून तेथे २००० च्या अखेरीस क्लोरिनऐवजी क्लोरामाइन वापरण्यास सुरुवात झाली. हेतू रास्त होता, परंतु नळ्यांतला जुना थर सुटला आणि शिशाचे प्रमाण वाढले, ज्याची जाहीर वाच्यता २००४ मध्ये झाली. मिशिगनमधील फ्लिंट येथे एप्रिल २०१४ मध्ये खर्चबचतीसाठी फ्लिंट नदीचे पाणी घेतले गेले आणि त्यात गंजरोधक द्रव्य घातलेच गेले नाही. सहा-सहा महिन्यांच्या दोन तपासण्या होईपर्यंत थांबण्याची मुभा नियम देतो, असा अर्थ राज्याच्या पर्यावरण खात्याने लावला होता. लोवेलचा धडा तिथे शंभराहून अधिक वर्षांनी पुन्हा गिरवला गेला, फरक इतकाच की लोवेलने निदान विषमज्वर तरी टाळला होता.

याच काळात विस्कॉन्सिनमधील मॅडिसनने निराळी वाट धरली. ऑर्थोफॉस्फेटमुळे शहराभोवतीच्या सरोवरांत फॉस्फरस वाढेल, या चिंतेतून २००० मध्ये तेथे सर्व शिशाच्या जोडण्या, खासगी हद्दीतील भागासह, काढण्याचा ठराव झाला. पाणीपट्टीचा पैसा खासगी मालमत्तेवर खर्च करण्यास राज्याने हरकत घेतल्यावर जलकुंभांवर बसवलेल्या मोबाइल कंपन्यांच्या अँटेनांच्या भाड्यातून घरमालकांना अनुदान देण्यात आले, आणि सुमारे ८,००० नळ्या दशकभरात निघाल्या.

मॅडिसनचा ठराव झाला नेमक्या त्याच वर्षी संघराज्याच्या नियमाने मात्र उलट दिशा घेतली होती. पाणीपुरवठा संस्थांच्या दाव्यात न्यायालयाने १९९४ मध्ये नळ्या बदलण्याची जबाबदारी ठरवणाऱ्या ‘नियंत्रण’ या संज्ञेची व्याख्या रद्द केल्यावर २००० च्या सुधारणेने पाणीपुरवठा संस्थेची जबाबदारी तिच्या मालकीच्या तुकड्यापुरती सीमित केली. त्यामुळे अर्धी नळी बदलण्याची पद्धत रूढ झाली, आणि कापण्याच्या धक्क्याने उरलेल्या अर्ध्या भागातील शिसे काही काळ अधिकच सुटू लागले. ऑक्टोबर २०२४ च्या नियमाने कृतिपातळी १० वर आणली, पाण्यातील प्रमाण काहीही असो, बहुतेक संस्थांना शिशाच्या व काही विशिष्ट जस्तलेपित लोखंडी जोडण्या दहा वर्षांत पूर्णपणे काढण्यास फर्मावले, तसेच अर्धवट बदलावर कठोर मर्यादा घातल्या. मात्र हे बंधन संस्थेच्या नियंत्रणाखालील नळ्यांपुरतेच आहे आणि खासगी हद्दीतील भागाचा खर्च कोणी सोसावा हे नियम सांगत नाही. तो निर्णय राज्ये व नगरपालिका यांच्यावर सोपवलेला आहे.