३४० चिन्हे, ५१ वर्षे

नोव्हेंबर १९६९. 'सॅन फ्रान्सिस्को क्रॉनिकल' या दैनिकाकडे टपालाने एक कागद आला. सतरा स्तंभ, वीस ओळी, एकूण ३४० चिन्हे. वाचता येईल असा शब्द एकही नाही. पाठवणारा स्वतःस 'झोडियाक' म्हणवीत असे. उत्तर कॅलिफोर्नियात त्याने वर्षभरात किमान पाच जणांचे प्राण घेतले होते.

त्याचा पहिला, ४०८ चिन्हांचा गूढलेख त्याच वर्षी ऑगस्टमध्ये उलगडला होता. सोडवणारे होते सॅलिनासचे शिक्षक डोनाल्ड हार्डन आणि त्यांच्या पत्नी बेटी. असा आत्मप्रौढ मनुष्य लेखाचा आरंभ 'मी'नेच करील आणि 'ठार मारणे' हे क्रियापद पुन्हा पुन्हा वापरील, हा बेटीबाईंचा तर्क. तो अचूक ठरला.

दुसरा लेख मात्र कोणालाच दाद देईना.

२००६ च्या सुमारास डेव्हिड ओरँचॅक या अमेरिकी संगणक-प्रणालीकाराने तो हाती घेतला. गूढलिपी हा त्यांचा पेशा नव्हे. फावल्या वेळात शिकत गेलेली विद्या. या लेखावर आजवर मांडल्या गेलेल्या उत्तरांची त्यांनी चिकाटीने छाननी केली. बहुतेक उत्तरे चिन्हे हवी तशी वाकवून मिळवलेली होती.

२०१७ मध्ये 'हिस्टरी' वाहिनीच्या झोडियाकवरील माहितीपट-मालिकेत संकेतभेद करणाऱ्या पथकात ओरँचॅकही होते. मालिकेत एक उकल सादर झाली. जाणकारांनी ती मान्य केली नाही. पडद्याला शेवट हवा असतो. गूढलेखाला त्याची घाई नसते.

खरी वाट २०२० मध्ये सापडली. ऑस्ट्रेलियातील गणितज्ञ सॅम ब्लेक यांनी चिन्हे कोणत्या क्रमाने वाचावीत याच्या सुमारे साडेसहा लाख शक्यता तयार केल्या. बेल्जियममध्ये गोदामात काम करणाऱ्या यार्ल व्हान एयका यांनी लिहिलेल्या प्रणालीतून त्या चाळल्या गेल्या. अशाच एका निष्पत्तीत ओरँचॅक यांना दोन-तीन अर्थपूर्ण तुकडे दिसले: पकडण्याचा प्रयत्न, विषारी वायूची कोठडी. ते पक्के धरून त्यांनी प्रणाली पुन्हा चालवली, आणि वाक्ये उभी राहू लागली.

रचना अशी होती : लेखाचे तीन भाग. पहिले दोन नऊ-नऊ ओळींचे, तिसरा दोन ओळींचा. पहिल्या दोन भागांत वाचन एक घर खाली, दोन घरे उजवीकडे. म्हणजे बुद्धिबळातल्या घोड्याची अडीच घरांची चाल! दुसऱ्या भागात तर लिहिणाऱ्याचीच चूक झाली होती, त्यामुळे गुंता वाढला होता.

उकल खरी कशावरून? दूरचित्रवाणीच्या कार्यक्रमात बोललेला तो मी नव्हे, असे त्यात लिहिले आहे. २२ ऑक्टोबर १९६९ रोजी जिम डनबार यांच्या कार्यक्रमात स्वतःस झोडियाक म्हणवणाऱ्या कोणाचा तरी दूरध्वनी आला होता. पत्र त्यानंतर जेमतेम अडीच आठवड्यांनी टपालात पडले. शिवाय 'पॅराडाइस' या शब्दाचे वर्णलेखन पहिल्या लेखात चुकले होते, तसेच इथेही चुकलेले.

११ डिसेंबर २०२० रोजी एफबीआयने उकलीला दुजोरा दिला.

लेखात नाव नव्हते. मृतांच्या आप्तांना हवे होते ते तेवढेच. नावाचा दावा करणारा १३ चिन्हांचा आणखी एक लेख अजून पडून आहे. पण इतक्या थोड्या चिन्हांत कोणतेही नाव बसवता येते, म्हणून त्याची उत्तरे दरवर्षी नवी निघतात.